पाणवनस्पतींचं जग – लेखांक ११ : क्लॅमथच्या दलदलीतली पिवळी वोकस

मागच्या आठवड्यात आपण आपल्या तळ्यांतलं निळं कुमुद पाहिलं. आज त्याच कुळातली, पण महाराष्ट्रात कुठेही न उगवणारी एक वनस्पती घेऊ. तिची फुलं पिवळी असतात, ती उत्तर अमेरिकेच्या पश्चिम भागातली मूळची रहिवासी आहे आणि ओरेगन राज्यातले क्लॅमथ लोक तिला वोकस म्हणतात. शास्त्रीय नाव न्यूफार पॉलिसेपाला. देखणेपणात ती कुमुदाच्या पासंगालाही पुरणार नाही. तरीही तिला या लेखमालेत स्वतंत्र जागा द्यावीशी वाटली. स्थानिक वनस्पती म्हणजे काय, हे तिच्याइतकं स्वच्छ सांगणारं दुसरं उदाहरण मला माहीत नाही. चिखलातल्या अळीपासून माणसाच्या जेवणापर्यंत आणि तिथून थेट न्यायालयापर्यंत एका पाणवनस्पतीचे धागे कसे पोचतात, ते तिच्या कहाणीत दिसतं.

मुलूख आणि गणगोत

दक्षिण ओरेगनमध्ये माझामा नावाचा ज्वालामुखी सुमारे ७,७०० वर्षांपूर्वी फुटला, त्याचं शिखर खचलं आणि त्या खळग्यात क्रेटर लेक तयार झालं. त्याच्या पूर्वेला विल्यमसन नदीच्या पात्रात क्लॅमथ मार्श ही पसरट दलदल आहे. ही नदी पुढे अपर क्लॅमथ लेक या उथळ, विस्तीर्ण सरोवराला मिळते. सरोवराची समुद्रसपाटीपासूनची उंची साधारण १,२६० मीटर. हिवाळा कडक, उन्हाळा कोरडा आणि उन्हाचा. संथ, उथळ पाणी आणि खाली मऊ गाळ, एवढं मिळालं की वोकसचं भागतं. तिचा एकूण पसारा अलास्कापासून कॅलिफोर्नियापर्यंत आणि पूर्वेला रॉकी पर्वतांपर्यंत आहे, पण माणसाशी तिचं नातं जडलं ते इथे, क्लॅमथ खोऱ्यात.

जॉर्ज एंगेलमन या वनस्पतिशास्त्रज्ञाने १८६६ मध्ये तिचं शास्त्रीय वर्णन केलं. पुढे तिच्या गणगोतावरून बरीच वर्षं वाद चालला. न्यूफार प्रजातीतल्या वनस्पती युरोप, आशिया आणि उत्तर अमेरिका अशा तिन्ही खंडांत आहेत आणि वरवर पाहता सगळ्या सारख्याच दिसतात. १९५६ मध्ये अर्नेस्ट बील यांनी उत्तर अमेरिका आणि युरोपातले सगळे प्रकार एकाच जातीचे पोटभेद आहेत असं मांडलं. नंतर डोनाल्ड पॅजेट यांनी डीएनए आणि बाह्यलक्षणं दोन्ही तपासली. त्यातून या प्रजातीत जुन्या जगाची आणि नव्या जगाची अशा दोन वेगळ्या शाखा असल्याचं दिसलं आणि वोकसला पुन्हा स्वतंत्र जातीचा मान मिळाला. भारताच्या सीमेत या प्रजातीची नोंद आहे ती काश्मीरमधून. तिथली जात युरोपातली न्यूफार लुटिया. म्हणजे वोकस आपल्याला परकी असली, तरी तिचा एक नातलग झेलमच्या खोऱ्यापर्यंत येऊन पोचलेला आहे.

कुमुदापासून वेगळी कशी ओळखायची

कुमुद आणि न्यूफार एकाच कुळातले, पण दोघांतला फरक पान उलटून पाहिलं तरी कळतो. कुमुदाच्या पानात शिरा देठाच्या टोकापासून चहूबाजूंना पसरतात. न्यूफारच्या पानात मधोमध एक जाड शीर असते आणि बाकीच्या शिरा तिच्यातून दोन्ही बाजूंना फुटत, दुभंगत कडेपर्यंत जातात. पान मोठं, हृदयाच्या आकाराचं, खालच्या बाजूला खाच असलेलं. पाण्यावर तरंगणाऱ्या पानांशिवाय पाण्याखाली पातळ, लहरी कडांची वेगळी पानंही असतात. ती पाण्याच्या वर कधी येत नाहीत.

फूल जवळून पाहिलं तर आणखी नवल वाटतं. ज्या जाड, गोलसर, सोनेरी वाट्यांना आपण पाकळ्या समजतो, त्या पाकळ्या नसून निदलं असतात. बाहेरची दोन-चार हिरवट, आतली मोठी आणि झळझळीत पिवळी. न्यूफारच्या बऱ्याच जातींत निदलं पाच किंवा सहा असतात. वोकसमध्ये ती बहुधा नऊ, कधी त्याहूनही जास्त, आणि म्हणूनच तिच्या शास्त्रीय नावात 'अनेक निदलांची' हा अर्थ आहे. खऱ्या पाकळ्या पुंकेसरांच्या गर्दीखाली दडलेल्या, लहान, खवल्यांसारख्या असतात. मध याच पाकळ्या देतात. पुंकेसर अनेक वलयांत दाटीने बसलेले आणि बऱ्याचदा लालसर. मधोमध एक रुंद, सपाट चकती. ती म्हणजे कुक्षी. चकतीवर मध्यापासून कडेकडे गेलेल्या रेषा मोजा. जेवढ्या रेषा, तेवढे कप्पे खाली अंडाशयात. त्या कप्प्यांत बिया धरतात.

फुलाचं वेळापत्रकही ठरलेलं असतं. पहिल्या दिवशी ते जेमतेम उघडतं. निदलांच्या मध्ये एवढीच फट राहते, की आत शिरणाऱ्या कीटकाला कुक्षीच्या चकतीवरूनच जावं लागतं. त्या दिवशी कुक्षी परागकण घ्यायला तयार असते, पण फुलाचे स्वतःचे पुंकेसर अजून मिटलेले असतात. त्यामुळे कीटकाच्या अंगावर दुसऱ्या फुलातले परागकण असतील, तर ते इथे उतरतात. रात्री फूल मिटतं. पुढच्या दिवसांत ते रुंद उघडतं आणि पुंकेसर बाहेरच्या वलयापासून सुरुवात करून एकेका ओळीने बाहेर वळत परागकण सोडत जातात. आधी घ्यायचं आणि मग द्यायचं, या क्रमामुळे स्वतःच्याच परागकणांनी फळ धरण्याची शक्यता कमी होते.

फळ घटासारखं, वर चकतीचं झाकण असलेलं, अंगावर उभ्या कडा. कुमुदाचा देठ फूल सुकलं की वळून फळाला पाण्याखाली ओढून नेतो. वोकसचं फळ पाण्याच्या पृष्ठभागाजवळच पिकतं. पिकलं की फुटतं, आतले कप्पे सुटे होतात आणि त्यांच्या बुळबुळीत, हवा भरलेल्या गरामुळे काही काळ तरंगत दूर जातात. गर कुजला की बिया तळाशी बसतात. बिया चिखलात ओल्याच राहायला हव्यात. वाळल्या तर बहुतेक रुजत नाहीत.

चिखलात श्वास

तळ्याच्या तळाच्या गाळात कुजण्याची प्रक्रिया सतत चालू असते, त्यामुळे तिथे प्राणवायू जवळजवळ नसतोच. वोकसचं जाड, आडवं खोड मात्र वर्षानुवर्षं त्याच गाळात पडून असतं. खोडावर गळून गेलेल्या पानांच्या खुणा एकापुढे एक दिसतात. एवढ्या मोठ्या जिवंत अवयवाला श्वासासाठी हवा येते कुठून?

याचं उत्तर जॉन डेसी यांनी १९८० मध्ये 'सायन्स' या नियतकालिकात मांडलं. त्यांनी मिशिगनमधल्या तळ्यांत वोकसच्याच प्रजातीतल्या पिवळ्या फुलांच्या पाणवनस्पतीवर काम केलं. नुकतंच वर आलेलं कोवळं पान उन्हात तापतं. त्याच्या आतल्या ऊतीची छिद्रं इतकी बारीक असतात, की बाहेरच्या गार हवेचे रेणू आत शिरतात, पण आतली तापलेली हवा त्याच वाटेने सहज बाहेर पडत नाही. त्यामुळे कोवळ्या पानात थोडासा दाब तयार होतो. जुन्या पानांची छिद्रं मोठी झालेली असतात, तिथे दाब टिकत नाही. साहजिकच हवा कोवळ्या पानातून देठावाटे खाली खोडात जाते आणि तिथून जुन्या पानांच्या देठांतून वर येऊन बाहेर पडते. या वाटेने दिवसाला २२ लिटरपर्यंत हवा खाली जात असल्याचं डेसी यांनी मोजलं. यात हलणारा एकही भाग नाही. ऊन, पानांच्या वयातला फरक आणि पोकळ देठ, एवढ्यावर सगळं काम चालतं.

परतीच्या वाटेवर ही हवा रिकामी येत नाही. मुळांच्या श्वसनातून निघालेला कार्बन डायऑक्साइड ती जुन्या पानांकडे आणते आणि गाळातला मिथेनही सोबत वर येऊन वातावरणात मिसळतो. तळ्याच्या तळाचा आणि आकाशाचा व्यवहार या वनस्पतीच्या देठांतून चालतो, असं म्हटलं तर त्यात अतिशयोक्ती नाही.

या हवेवर डोळा ठेवून बसलेला एक जीवही आहे. डोनेशिया नावाचे धातूसारखे चमकणारे लहान भुंगे या पानांवर वावरतात. मादी तरंगत्या पानाला भोक पाडते आणि त्यातून पानाच्या खालच्या बाजूला अंडी घालते. अळी पाण्याखाली उतरून मुळांवर आणि खोडावर जगते. तिच्या शेपटीकडे दोन काटे असतात. ते ती वनस्पतीच्या हवेच्या पोकळीत टोचते आणि आतल्या हवेवर श्वास घेते. तिला पाण्यावर यावंच लागत नाही. हेच भुंगे मोठे झाले की फुलांत शिरतात आणि परागकण इकडून तिकडे नेतात. अळीपणी घेतलेली हवा पुढे परागवहनाने फेडली जाते.

वोकसचं खोड पिष्टाने भरलेलं असतं, पण त्यात कडू अल्कलॉइडही असतात. तरी बीव्हर ते आवडीने खातो. बीव्हर आपली हद्द आखायला जो उग्र वासाचा स्राव वापरतो, त्यातही न्यूफारच्या अल्कलॉइडांच्या जवळची रसायनं सापडली आहेत. ती या खाण्यातूनच येतात असं रसायनशास्त्रज्ञ मानतात. बदकं बिया खातात, मूस हरणं पानं खातात आणि पानांच्या सावलीत माशांची पिल्लं लपतात.

माणसाचं अन्न

या दलदलीत माणसाचाही वाटा होता. फ्रेडरिक व्हर्नन कोविल या अमेरिकी वनस्पतिशास्त्रज्ञाने वोकसवर लिहिलेला सविस्तर अहवाल १९०४ मध्ये प्रसिद्ध झाला. पुढे रानटी ब्लूबेरीला शेतात आणण्याचं मोठं काम करणारे हेच कोविल. क्लॅमथ मार्शमध्ये सुमारे दहा हजार एकरांवर वोकसची सलग दाटी आहे, असा अंदाज त्यांनी दिला होता. ऑगस्टच्या मध्यापासून सप्टेंबरभर क्लॅमथ कुटुंबं दलदलीच्या काठी मुक्काम टाकत. एका ओंडक्यातून कोरलेल्या होड्या घेऊन बायका पाण्यात जात आणि फळं गोळा करत. आपोआप फुटलेली, पूर्ण पिकलेली फळं सर्वांत उत्तम. त्यांना स्पोकवास म्हणत. ती हाताला लागताच निसटतात, म्हणून विणलेल्या पळीने उचलून होडीत घ्यायची. न फुटलेली फळं वेगळी ठेवून सुकवायची.

स्पोकवासचा बुळबुळीत गर पाण्यात काही दिवस आंबवला की बिया सुट्या होत. मग त्या धुऊन, भाजून, दगडावर हलक्या हाताने भरडायच्या. भरडण्याचा वरचा दगड या लोकांची खास ओळख आहे. तळ सपाट आणि वर दोन शिंगांसारखे उंचवटे. दोन्ही हातांनी ती शिंगं धरून दगड समोर ढकलायचा. आपल्या पाट्या-वरवंट्याचंच हे नातं, फक्त वरवंट्याला धरायला दोन मुठी. टरफल फुटलं की पाखडून दाणा वेगळा करायचा. या सोललेल्या दाण्याला लोलेन्श म्हणत आणि तो साठवता येई. खाताना दाणे पुन्हा तापत्या भांड्यात टाकले की ते फुगतात, तडकतात. त्याचं नाव श्नाप्स. ते तसेच खात किंवा दळून पीठ करून शिजवत. बर्फाच्या दिवसांत हाच साठा पोटाला आधार होता.

उपासाच्या दिवशी मखाने खाणाऱ्या आपल्या वाचकांना यात ओळखीचं काही दिसेल. बिहारच्या तळ्यांत पिकणारा मखानाही याच कुळातला. त्याचंही कठीण बी तळाच्या गाळातून काढतात, भाजतात, फोडतात आणि मग ते फुलतं. जगाच्या दोन टोकांना, एकमेकांना कधीही न भेटलेल्या माणसांनी एकाच कुळाच्या बियांवर जवळपास तीच कारागिरी घडवली.

पाणी गेलं, हक्क राहिला

१८६४ मध्ये क्लॅमथ, मोडॉक आणि याहूस्किन लोकांनी अमेरिकी सरकारशी करार केला. प्रचंड मुलूख सोडून दिला, पण राखीव प्रदेशात मासे धरण्याचा आणि खाण्याजोगी मुळं, बिया, फळं गोळा करण्याचा हक्क करारात लिहून घेतला. वोकसचं बी त्या हक्कात बसतं.

विसाव्या शतकात सिंचनाच्या मोठ्या योजना आल्या. अपर क्लॅमथ लेकभोवतीच्या दलदली बांध घालून कोरड्या केल्या गेल्या आणि तिथे शेती झाली. दलदलीची माती म्हणजे साचलेला वनस्पतीजन्य गाळ. ती उघड्यावर वाळली की विघटन पावते आणि जमीन खचते. १९५४ च्या कायद्याने या जमातींची सरकारमान्यताच रद्द झाली आणि राखीव जमीन हातची गेली. मान्यता परत मिळाली १९८६ मध्ये, जमीन नाही.

पाण्याच्या बाबतीत मात्र करार टिकला. १९८३ मध्ये संघराज्याच्या नवव्या सर्किट अपील न्यायालयाने निकाल दिला, की शिकार आणि मासेमारीच्या हक्कात त्यासाठी लागणाऱ्या पाण्याचा हक्क येतोच, तो अनादिकाळापासूनचा आहे आणि जमीन गेली म्हणून तो संपत नाही. २०१३ मध्ये ओरेगन राज्याच्या पाणीवाटपाच्या आदेशातही या हक्कांना अग्रक्रम मिळाला. ज्या सरोवरात वोकस वाढते, तिथल्याच क्वाम आणि कोपतू या दोन माशांना १९८८ पासून संकटग्रस्त म्हणून कायद्याचं संरक्षण आहे. त्यांच्यासाठी पाणी राखायचं म्हणून २००१ च्या दुष्काळात शेतीचं पाणी तोडलं गेलं आणि शेतकऱ्यांचा मोठा उद्रेक झाला. दोन्ही बाजूंची गरज खरी होती. पण आटवलेल्या दलदलीने जे पाणी धरून ठेवलं असतं, स्वच्छ केलं असतं, ते आता कोण करणार, हा प्रश्न त्या भांडणाच्या मुळाशी आहे.

काही ठिकाणी आता उलट पावलं पडत आहेत. विल्यमसन नदीच्या मुखाशी असलेले शेतीचे बांध ऑक्टोबर २००७ मध्ये फोडून पाणी पुन्हा आत घेतलं गेलं. पण तिथली जमीन इतकी खचली होती, की काही भागांत पाणी दलदलीच्या वनस्पतींना न झेपण्याइतकं खोल झालं. बांध एका सकाळी फोडता येतो, गाळाचा थर भरून यायला पिढ्या जातात. क्लॅमथ मार्शचा मोठा भाग १९५८ पासून वन्यजीव आश्रयस्थान आहे आणि क्लॅमथ लोकांनी वोकसची ओळख सोडलेली नाही.

आपल्यासाठी धडा

आपल्या शहरांत बागेच्या टाक्यांतून जी पिवळी 'वॉटर लिली' विकली जाते, ती वोकस नव्हे. ती बहुतेक मेक्सिको आणि अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांतल्या निम्फिया मेक्सिकाना या कुमुदाच्या संकरातून आलेली असते. तिच्या मायभूमीत तिचेही भुंगे आणि मधमाश्या असतील, पण आपल्या तळ्यात ती पाहुणी आहे. गाळात धावती खोडं टाकत पसरण्याची तिची सवय आहे आणि काही देशांत तिने उपद्रव केला आहे. म्हणून कुंडीत हौसेने लावा, पण उरलेलं रोप गावतळ्यात टाकू नका.

आपल्या तळ्यांनाही त्यांची स्वतःची वोकस आहे. निळं कुमुद, रात्री उमलणारं पांढरं-गुलाबी कुमुद आणि झालरीसारख्या कडांची पांढरी नाजूक कुमुदिनी या आपल्याकडच्या मूळच्या. त्यांच्या पानांवर कमळपक्षी अंडी घालतो, पानांखाली मासे वाढतात. सुशोभीकरणाच्या नावाखाली तळ्याचा गाळ पूर्ण उपसून काठ सिमेंटचा केला की आधी याच जातात. वोकसच्या कहाणीत पुन्हा पुन्हा दिसलेली गोष्ट अशी, की उथळ काठ आणि मऊ गाळ गेला की फूल, भुंगा, मासा आणि माणसाचं अन्न ही सगळी साखळी एकदम तुटते, आणि नंतर नुसतं पाणी सोडून ती जोडली जात नाही.

जैवविविधता कायद्यानुसार प्रत्येक ग्रामपंचायतीत आणि नगरपालिकेत जैवविविधता व्यवस्थापन समिती असायला हवी, आणि लोक जैवविविधता नोंदवही ठेवणं हे तिचं काम. या पावसाळ्यानंतर तुमच्या जवळच्या तळ्यावर जा, पानांच्या शिरा पाहा, फुलांचे रंग आणि उमलण्याच्या वेळा टिपा, गावातल्या जुन्या माणसांना त्या वनस्पतींचे उपयोग विचारा आणि ही माहिती त्या नोंदवहीत लिहायला लावा. तळ्याच्या कामाचा ठराव ग्रामसभेपुढे येईल, तेव्हा ती नोंद दाखवून काठाचा एक भाग उथळ आणि मातीचाच ठेवण्याचा आग्रह धरा.